हवा, पाणी, डिझेल, घर

हजराबी : न्हाई म्हणलं ना एकदा. ती बॅग उचल आन् कपाटात ठेव जाऊन.

जिनत : दादी, बॅगेला कुलूप लागलंय, वर हिरवी रिबीन बांधलीये, सगळ्या मोहल्ल्यानं तुझ्या गळ्यात हार घातलेत. आता बॅग कपाटात ठेवू, की हारांसकट तुलाच ठेवू?

हजराबी : जबान लई चालती तुझी. मी उमऱ्याला कुटं न्हाई म्हणते? मक्केला जायचं तर हायच. फकस्त त्या औरंगाबादच्या विमानात बसणार न्हाई. अब्बाला सांग तुझ्या, मी बीडवरनं मुंबईपत्तुर बशीनं येते.

जिनत : बशीनं! घाटनांदूरला मामूकडे जाताना केज यायच्या आत उलटीला पिशवी मागतेस तू! आणि आज रात्री मुंबईहून पुढचं विमान आहे. तुझी बस दादरला पोचेल तेव्हा अब्बा जिद्द्यात उतरलेले असतील.

हजराबी : उतरू दे.

जिनत : नमाज पढून आत्ता येतील ते. आल्यावर काय सांगू त्यांना?

हजराबी : सांग, तुमच्या पोरीनंच घाबरवलं तिला.

जिनत : मी?

हजराबी : मंग कुणी? महिनाभर गच्चीवर हुबी राहून कोण वरडत हुतं? ‘आदरणीय परीक्षक आणि माझ्या मित्रमैत्रिणींनो!’ आन् मंग एक विमान पडलं. मंग दुसरं पडलं. डोंगरावर पडलं, समिंदरात पडलं. मी खाली डाळ निवडत बसायची आन् वरनं माझ्या डोक्यावर विमानं पडायची.

जिनत : अगं ते वक्तृत्व स्पर्धेचं भाषण होतं! ‘विमान अपघातांचा इतिहास आणि प्रवाशांची सुरक्षितता.’ आष्टीत पहिला नंबर आलाय माझा, साधी गोष्ट नाही. मध्येच माइक बंद पडला, तरी शेवटच्या रांगेपर्यंत आवाज गेला.

हजराबी : शेवटच्या रांगंपत्तुर कशाला, पालीच्या धरणापत्तुर गेला आसल.

जिनत : पण तू अर्धंच ऐकलंस ना! विमानं पडून झाली की तू डाळ घेऊन आत जायचीस. सुरक्षितता सगळी तुझ्या कुकरच्या शिट्टीत गेली.

हजराबी : मंग काय करणार? रोज पडायची तरी किती?

जिनत : आता ऐक दुसरा भाग. बस इथं.

हजराबी : बसलेच हाय की. उटते कुटं?

जिनत : विमानाच्या खिडक्यांचे कोपरे गोल का असतात, माहितीये?

हजराबी : कावून?

जिनत : फार पूर्वी चौकोनी होत्या. मग वर गेल्यावर हवेचा दाब पडायचा आणि कोपऱ्यापासून पत्रा चिरत जायचा. विमान हवेतच फुटलं, दादी. एक नाही, दोन. मग लोकांनी काय केलं, तसलंच एक अख्खं विमान पाण्याच्या हौदात ठेवलं आणि पाण्याचा दाब देत राहिले, फाटेपर्यंत. फाटलं तेव्हा कळलं. तेव्हापासून कोपरे गोल!

हजराबी : एवड्यासाटी हौद कशाला पायजे? झंपरचा चौकोनी गळा बी कोपऱ्यातनंच फाटतो.

जिनत : हे मला आष्टीला जायच्या आधी सांगायचं ना! भाषणात घातलं असतं.

हजराबी : आन् त्या दिल्लीकडचं काय? दोन विमानं आभाळात धडकली. त्यातलं एक सौदीचं हुतं. ऐकलंय मी, डाळ तशीच राह्यली हातात.

जिनत : हो, होतं. चरखी दादरी. पण त्यानंतर आता विमानात यंत्र असतं. समोर दुसरं विमान आलं की ते एका पायलटला म्हणतं वर जा, दुसऱ्याला म्हणतं खाली जा.

हजराबी : आन् दोगं बी वर गेले तर?

जिनत : नाही जात. दोन्ही यंत्रं आधी आपसांत ठरवून घेतात.

हजराबी : हितं एका घरात दोन माणसांचं ठरत न्हाई.

जिनत : म्हणूनच तर यंत्र लागतं! बघ, हीच गंमत आहे या सगळ्याची. गंमत म्हणजे, गंमत नाही. पण प्रत्येक अपघातानंतर कुणीतरी बसून शोधलं की हे का झालं. आणि शिक्षा कुणाला करायची म्हणून नाही, परत होऊ नये म्हणून. प्रत्येक नियमाच्या मागं माणसं आहेत, दादी. तू आज ज्या विमानात बसशील ना, त्याचा एकेक स्क्रू…

हजराबी : आन् अहमदाबाद?

जिनत : तुझी पाण्याची बाटली भरायची राहिलीये, दादी.

हजराबी : बाटली राहू दे. टीव्हीवर मी बी बघितलंय.

जिनत : ते मी भाषणात घेतलंच नाही. दोनदा लिहिलं. म्हणायला लागले की रडूच यायचं. बाई म्हणाल्या, राहू दे.

हजराबी : बरं केलंस. हितं ये. रडू नको. मला अहमदाबादची भीती न्हाई, बेटा. तुझ्या भाषणाची तर त्याहून न्हाई. मला त्या औरंगाबादच्या धावपट्टीचीच भीती हाय. लई जुनी. तुझा अब्बा शाळंत हुता तवाची.

(बाहेर गाडीचा लांबलचक हॉर्न.)

सटवा : भाभी! निगायचं का? आमेरभाई मशिदीच्या कोपऱ्यावर कुणाशी तरी गळाभेट घेत हुबे हायेत. तवर सामान टाकून घिऊ.

जिनत : सटवाकाका, अब्बांचं राहू द्या, आत या. दादी येत नाही म्हणते.

सटवा : आरं तिच्या! कावून? माज्या गाडी चालवण्यावर भरवसा न्हाई? तुमच्या घरधन्यांच्या, रहमतुल्ला उस्तादांच्या ट्रकवर जवानी काडली म्या. त्यांच्या हाताखाली शिकलेला गडी हरेक खड्डा चुकवून…

हजराबी : तुझा भरवसा हाय, सटवा. विमानाचा न्हाई. त्याच रस्त्याला जायचं आन् त्याच जागंवरनं उडायचं, ते मला जमणार न्हाई. तू हुतास की त्या दिवशी ह्यांच्या संगट.

सटवा : …ते व्हय.

जिनत : कोणता दिवस? थांबा, थांबा. औरंगाबादचं? त्र्याण्णव सालचं? विमान उडालं आणि बीड रोडवरच्या कापसाच्या ट्रकला चाक लागलं, ते? ते माझ्या भाषणात आहे! म्हणजे दोनच ओळी आहेत. दादी, त्या दोन ओळींत आपलं काय आहे?

हजराबी : तुझ्या दोन वळींत आमची एक रात गेली. त्या दिवशी तुझे दादा जिनिंगच्या कारखान्यावरनं कापसाच्या गठाणी भरून औरंगाबादलाच गेलते. रेडिओवर बातमी आली, बीड रोड, कापसाचा ट्रक, विमान. नंबर न्हाई, नाव न्हाई. फोन तर साऱ्या मोहल्ल्यात एक, त्यो बी बंद. मी हुंबऱ्यात बसले. शेजारची जानकीबाई येऊन बसली. तिच्या घरात सकाळीच नातू जन्मलेला, तरी रातभर ती माझ्यापाशी. दुसऱ्या दिशी उन्हं वर आल्यावर ट्रक आला. हे उतरले. दाढीत कापूस अडकलेला, डोळे लाल. एवडंच म्हणले, ‘रस्ता बंद हुता.’ आन् भाकर मागितली.

जिनत : एवढंच?

हजराबी : एवडंच. मी बी काय विचारलं न्हाई. दाढीतला कापूस काडत बसले. पुना कदी त्यांच्या तोंडातनं त्याचं नाव निगालं न्हाई. पर मला वाटतंच की, जरा म्होरं असते तर… ज्यांचं गेलं त्यांचं गेलंच. तवापासनं विमान वरनं गेलं की मी मान वर करत न्हाई.

सटवा : भाभी, उस्तादांनी तुमाला कदीच सांगितलं न्हाई?

हजराबी : काय?

सटवा : आमी लांब कावून राह्यलो, ते.

हजराबी : रस्ता बंद हुता म्हणून.

सटवा : ते मागनं. आमी सकाळी निगालोच उशिरा. आटवतंय का? जिनत, तुला म्हाईत न्हाई, तुजे दादा गाडी कशी काडायचे. आमी दोघं खाली हुबे, आन् भाभी दारात. भाभीनं विचारायचं, ‘हवा?’ उस्ताद टायरला पाना मारून म्हणायचे, ‘हाय.’ ‘पाणी?’ ‘हाय.’ ‘डिझेल?’ ‘हाय.’ मंग उस्ताद वर चडायचे, चावीला हात लावायचे आन् तितनं विचारायचे, ‘घर?’

जिनत : घर म्हणजे?

हजराबी : म्हंजे मी. मी दारातनं म्हणायचे, ‘हाय.’ मंगच गाडी चालू. लगीन झाल्यापासनं तसंच. सासूबाई हसायच्या, म्हणायच्या, नवरा-बायको बोलत न्हाईत, हजेरी घेतेत.

सटवा : आन् त्या दिवशी जवाब द्यायला भाभीच न्हाईत!

हजराबी : जानकीबाईची सून अडली हुती. मी पहाटंच पळाले तिकडं.

सटवा : उस्ताद वर बसून हॉर्न देतेत. म्या म्हणलं, उस्ताद, चला की, जिनिंगवाला शिव्या देईल. तर म्हणले, ‘सटवा, जवाब आला न्हाई.’ सारा मोहल्ला दारात आला. आमेरभाई शाळंत जायचे थांबले. तरी गडी चावी फिरवंना. पार जानकीबाईच्या सुनंला सोमेश्वर झाला, तुमी हात धुऊन आला, दारात हुबं राहून ‘हाय’ म्हणलात, तवा कुटं गाडी हलली.

हजराबी : मला वाटलं, मला बोलणार लई. कायच बोलले न्हाईत. उलट सोमेश्वरसाटी पैसे काडून दिले. आता त्यो टक्कल पडलेला तलाठी झालाय.

सटवा : आमी औरंगाबादच्या अलीकडं, आडूळच्या म्होरं पोचलो तर पोलिसानं आडवा बांबू टाकलेला. लांब काळा धूर. आमी रातभर तितंच. उस्ताद वर गठाणींना टेकून बसले. लई येळानं म्हणले, ‘सटवा, आज हजरानं उशीर केला.’ मंग म्हणले, ‘तिला सांगू नको. आदीच माझं ऐकत न्हाई, हे कळलं तर डोक्यावर बसंल.’

हजराबी : असं म्हणले?

सटवा : असंच. आन् रडले. ते बी सांगू नको म्हणले हुते. आता उस्तादच न्हाईत, मंग कुणाचं ऐकू?

जिनत : दादी! दादी, थांब, मला बोलू दे, नाहीतर मी फुटेन. सगळ्यात मोठा अपघात कुठला माहितीये? आभाळात नाही, जमिनीवर झाला. धुकं होतं, दोन मोठी विमानं एकाच धावपट्टीवर. एका कॅप्टनला घाई झाली होती. निघायची परवानगी आलीच नव्हती, तरी त्यानं विमान सोडलं. मागं बसलेल्याला शंका आली, त्यानं विचारलंही, पण एवढ्या मोठ्या साहेबाला पुन्हा कोण टोकणार! त्यानंतर सगळ्या जगानं शिकून घेतलं. मोठ्यानं विचारायचं, मोठ्यानं उत्तर द्यायचं, धाकट्यानंही बोलायचं. उत्तर आलं नाही तर हलायचं नाही. आज संध्याकाळी तुझ्या विमानात दोघं जण पुढं बसून हेच करणार. एक विचारणार, दुसरा ‘आहे’ म्हणणार. दादांचीच पद्धत!

हजराबी : त्यांच्यात बायको दारात आसती का?

जिनत : दारात नसते. टॉवरमध्ये माणूस असतो.

हजराबी : आन् त्यो जानकीबाईकडं गेला तर?

सटवा : तर विमान बसून राहील की भाभी, हॉर्न देत!

जिनत : हॉर्न नाही देत, काका. पण बसून राहील. आणि ती धावपट्टी आता लांब केलीये, दादी. मी वाचलंय.

हजराबी : डोक्यावर बसंल म्हणले व्हय… सटवा, रडताना दाढीला कापूस हुताच का?

सटवा : हुता की. गठाणींवर रात काडली. दोघांच्या बी.

हजराबी : माझ्या हातात लई येळ हुता त्यो. किती काडला तरी निगतच हुता.

जिनत : दादी?

हजराबी : माझ्या चपला कुटं ठेवल्यास?

जिनत : नव्या की जुन्या?

हजराबी : जुन्या. नव्या चावतेत. आन् हे हार काड, गळ्याला खाज सुटली. लवकर, तुझा अब्बा आला बग कोपऱ्यावरनं. त्याला कायबी सांगू नको, न्हाईतर वाटभर हसंल.

सटवा : चला, सामान टाकतो. भाभी, तुमी म्होरं बसा, उस्तादांच्या बाजूच्या… म्हंजे, माज्या बाजूला.

हजराबी : दहावीचं वरीस हाय, जिनत. नुसती भाषणं करू नको. गणित बी कर. आन् रात्री गॅस बंद करून झोप. सोबतीला येणाऱ्या शेजारच्या अस्माला सांग, माझ्या कोंबड्यांना…

जिनत : सांगते, सांगते! आता मी दारात उभी राहते आणि विचारते. चष्मा?

हजराबी : हाय.

जिनत : पासपोर्ट?

हजराबी : तुझ्या अब्बाच्या खिशात हाय.

जिनत : बीपीच्या गोळ्या?

हजराबी : हाय. मक्केतल्या जमजमच्या पाण्याला मोकळा डबा बी हाय. झालं का तुझं?

जिनत : झालं! अब्बाही मागं बसले. सटवाकाका, चला! काढा गाडी!

हजराबी : सटवा, निगंना का गाडी? कावून हात तसाच धरून बसलास?

सटवा : उस्तादांची शिकवण हाय, भाभी. जवाब आल्याबिगर म्या चावी फिरवत न्हाई. आज बाहीर तुमी निगालाय.

हजराबी : …घर?

जिनत : हाय.