आल्बर्टिनाच्या दातकोरण्या

त्या रविवारी कोइंब्रा शहरात इल्दाकडे जेवणं झाली आणि तिच्या आईने, आल्बर्टिनाने, विलो झाडाच्या काड्या तासून, टोकाला फुलं काढून केलेल्या दातकोरण्या टेबलावर फिरल्या. कुठल्या म्हणून पाहुण्यांनी विचारलं, तेव्हा इल्दा म्हणाली, "बाजारातून आणल्या." शेजारी बसलेली आई ताटाकडे बघत राहिली. सोमवारी पहाटे झोपेतच ती गेली.

महिन्याने इल्दा आईच्या गावी, लोर्वांवला निघाली. बसमध्ये पुढच्या बाकावर दोन म्हाताऱ्या बोलत होत्या.

"आल्बर्टिनासारखा हात आता कुणाचा नाही गं."

"तुझ्या दातकोरण्या तर हिरडीत घुसायच्या."

"घुसू देत. तिच्या मात्र लेकीच्या पाहुण्यांनी हातात घेऊन बघितल्या. त्याच रात्री फोन करून सांगत होती."

"आणि लेक?"

"सगळ्यांसमोर म्हणाली, माझ्या आईने केल्यात. आल्बर्टिनाने दोनदा सांगितलं मला."

"एवढी शिकली, तरी लाजली नाही हो पोर."

"लाजेल कशाला? आल्बर्टिनाची पोर ती."

इल्दा पुढे वाकली.

"मावशी, ती पोर मीच. मी तसं म्हणाले नव्हते. बाजारातून आणल्या म्हणाले. आई शेजारीच बसली होती."