रानमांजराचं काडतूस

तुमी हसान, पण माह्या मामासारखा बंदूकवाला अख्ख्या मानोऱ्यात नाई. रोह्यांपासून, म्हंजे नीलगाईंपासून, पीक राखाले त्याच्यापाशी लायसनची जुनी बंदूक हाय. परवा दुपारी वावराच्या धुऱ्यावर, म्हंजे बांधावर, बसून मी त्याले मोबाईलवर एक व्हिडिओ दाखवला. एक अमेरिकन बुढा घोड्याखालचा दांडा ओढून भरायच्या बंदुकीसाठी काडतूस बनवून राह्यला होता.

"याले वाइल्डकॅट म्हंतेत मामा. म्हंजे रानमांजर."

"रानमांजर तं उंदरं खाते. त्याले मारतेत कायले?"

"मारत नाई. जे काडतूस कंपनी बनवत नाई, मानूस आपल्या डोक्यानं घरीच बनवते, त्याचं नाव हाय ते."

मामा हलत्या तुरीकडे पाहत झोपेतल्यावानी बोलला, "असं तं मी बी बनवलं होतं, बापू. रोह्याचे डोये पाह्यले अन् मारायले हातच उठेना. मंग काडतुसातले छर्रे काढले अन् ज्वारी भरली. बंदुकीच्या आवाजानंच सारे पयाले."

"म्हंजे पीक वाचलं?"

"त्या साली वाचलं. पण मंग धुऱ्याभर ज्वारी उगवली. आता रोही दरसाल तीच खायले येतेत, अन् मले बंदूक घेऊन येतानी पाह्यलं का अजून जवळ येतेत."