फलकाची दुसरी काठी

मास्तर : आरशात बघून सांगा आजी, कोट खांद्यात कुठे ओढतोय का?

आई : खांदा ठीक आहे. बाह्या ठीक आहेत. पदकं चुकीच्या बाजूला लावलीत.

मास्तर : आरशात उलटं दिसतं हो. उजवं ते डावं वाटतं.

आई : मास्तर, मी जन्मभर लोकांना सुया टोचल्यात. उजवा दंड कुठला आणि डावा कुठला, हे मला आरशाशिवाय कळतं. पदकं उजवीकडे आहेत.

मास्तर : मग बरोबरच आहे की. गेलेल्या माणसाची पदकं घरच्यांनी घालायची तर उजवीकडे. ज्याची त्याने घातली तर डावीकडे. माजी सैनिकांच्या संचलनाच्या आधी आठवडाभर माझ्याकडे रीघ लागलेली असते. बायका आल्या की मी न विचारता उजवीकडे खडूने खूण करतो.

आई : नियम मला माहीत आहे. कोण गेलंय?

मास्तर : तुमचे मिस्टर. म्हणजे, मला तसं वाटलं.

आई : ते गेले, बरोबर आहे. त्यांची पदकं घरी बाहेरच्या खोलीत फ्रेममध्ये आहेत. ही माझी. मी गेलेली दिसते का तुम्हाला?

मास्तर : अहो, कसलं बोलता! शंभर वर्षं जगा. पण मला सांगताना तसंच सांगितलं होतं.

आई : कोणी?

मास्तर : मी जरा इस्त्री बंद करून येतो.

आई : इस्त्री मघापासून बंदच आहे. कोणी सांगितलं?

मुलगी : मी सांगितलं, आई. कोट द्यायला मीच आले होते ना.

आई : चुकून सांगितलंस.

मुलगी : नाही. चुकून नाही.

मास्तर : ताई, तुम्ही बसा तरी. स्टूल घ्या. आजी, तुम्हीपण.

आई : मी उभी आहे. ही काय सांगते ते मला उभ्यानेच ऐकायचंय.

मुलगी : संचलनाच्या गेटवरची पोरं छातीकडे बघतात. डावीकडे पदक असेल तर रांगेत सोडतात. उजवीकडे असेल तर मंडपात नेऊन बसवतात. मंडपात खुर्ची आहे, सावली आहे, प्यायला पाणी आहे. तू माझं ऐकत नाहीस, डॉक्टरांचं ऐकत नाहीस. म्हटलं, गेटवरच्या पोराचं तरी ऐकशील.

आई : म्हणजे मला न विचारता माझी बाजू बदललीस.

मुलगी : विचारलं असतं तर हो म्हणाली असतीस?

आई : नसते म्हणाले.

मुलगी : मग?

आई : मास्तर, उसवा.

मास्तर : आजी, कापड जुनं आहे. उसवलं तर उजवीकडे भोकं दिसतील.

आई : दिसू देत. कोणी विचारलं तर सांगेन, मुलीची माया आहे, जाड सुईने शिवलेली.

मुलगी : टोमणे मार. मार. पण महिन्यापूर्वी न्हाणीघरात पडलीस तेव्हा मला साधी हाक मारली नाहीस. मी सकाळी दार ढकललं, तर तू भिंतीला टेकून बसलेली, आणि मला म्हणतेस, आधी गॅसवरचं दूध बघ.

आई : उतू जात होतं.

मुलगी : मला तू हवी आहेस, आई. मला रांग नकोय, फलक नकोय, बँड नकोय. मला तू हवी आहेस, धड, दोन्ही पायांवर. हे एवढं कळायला इतकं अवघड आहे का?

आई : कळतं. रडू नकोस. मास्तरांचं कापड भिजेल.

मास्तर : भिजू दे, भिजू दे. इथे रोज कोणी ना कोणी रडतं. लग्नाचे कपडे न्यायला आलेलीसुद्धा रडतात. पण आजी, एक विचारू? ताई म्हणतायत ते काही खोटं नाही. मंडपात बसलात तर काय बिघडलं? मान तर तिथेही आहे. हारतुरे तिथेच आधी येतात.

आई : मास्तर, तुम्ही संचलन बघता?

मास्तर : दरवर्षी. दुकानाच्या दारातून. सगळ्यांचे कोट माझ्याच हातचे, मग बघायला नको?

आई : नर्सांची रांग बघितलीत?

मास्तर : बघितली ना. हसू नका, पण ती रांग मला लांबूनच ओळखू येते. बाकी सगळे कसे एका ठोक्यावर, डावा-उजवा, डावा-उजवा. आणि तुम्ही मंडळी येता ती बाजाराला निघाल्यासारखी. एकीचा पाय पुढे तर दुसरीचा मागे. बँडवाला कपाळाला हात लावतो.

आई : त्याला म्हणावं, लाव. आम्हाला पाय न जुळवायलाच शिकवलं होतं.

मास्तर : असं कसं?

आई : स्ट्रेचर दोघींनी उचलायचं. एक पुढे, एक मागे. दोघींचे पाय एकदम पडले की झोळी झोके घेते आणि आतला माणूस ओरडतो. हाड मोडलेलं असलं तर फारच. म्हणून एकीचा डावा तर दुसरीचा उजवा. सुरुवातीला बुटकी आणि मी सारख्या चुकायचो, कवायतीची सवय लागलेली. मग जी सवय मोडली ती मोडलीच. नंतर कितीही बँड वाजू दे, आमचे पाय जुळलेच नाहीत.

मास्तर : बुटकी म्हणजे?

मुलगी : आईची मैत्रीण. एकाच वॉर्डात होत्या. मावशीचं माकडहाड मोडलंय, दोन महिने अंथरुणात आहे.

आई : अंथरुणातून हुकूम सोडतेय मात्र. काल फोनवर म्हणाली, फलक जमिनीला टेकवलास तर याद राख.

मास्तर : मग फलक कोण धरणार?

आई : बघा, मास्तरांनी बरोबर प्रश्न विचारला. माझ्या मुलीने अजून विचारला नाही.

मुलगी : कारण मला उत्तर माहीत आहे. कोणी नाही. संचलन समितीच्या माणसाने फोनवर सांगितलं तेव्हा मी शेजारीच होते.

आई : मग मास्तरांनाही सांग, काय सांगितलं ते.

मुलगी : कापडी फलक आहे, दोन काठ्यांना बांधलेला. दोघी लागतात. आईच्या तुकडीतल्या आता या दोघीच उरल्यात. समितीवाला म्हणाला, यंदा फलकामागे कोणी नसेल तर पुढच्या वर्षीपासून नर्सांची वेगळी रांग ठेवणार नाही. 'इतर सेवा' म्हणून एक सजवलेली गाडी असते, तिच्यावर नाव लिहू. अगदी गोड बोलला हो. त्याला वाटलं, म्हाताऱ्यांची सोय करतोय.

आई : गाडीवर! धोबी, स्वयंपाकी, टपालवाले, सगळे आहेत त्या गाडीवर. तेही पायी चालायचे एके काळी. एका वर्षी त्यांचं कोणी आलं नाही, झालं. माझा त्यांच्यावर राग नाही. पण एकदा गाडीवर चढलं की परत कोणी खाली उतरवत नाही.

मास्तर : हं.

आई : म्हणून मला मंडपात बसता येत नाही. समजलं? खुर्चीचा राग नाही मला.

मास्तर : आजी, हे दुसरं पदक. पहिलं मी ओळखतो, ती फीत पुष्कळांकडे असते. हे मी इतक्या वर्षांत एकदाच बघितलंय. कशाचं?

आई : पहिलं हजर होते म्हणून. दुसरं गैरहजर झाले नाही म्हणून.

मुलगी : हे मला कधी सांगितलं नाहीस.

आई : तू विचारलं नाहीस. तुझ्या बाबांची फ्रेम दारासमोर होती, येणारा जाणारा त्यांना विचारायचा. माझी बटणांच्या डब्यात होती.

मुलगी : का पण? मी लहानपणी बाहुलीला जेवण वाढायचे त्यावर. मला वाटायचं, जुनं मोठं बटण आहे.

आई : भिंतीवर खिळा एकच होता. तुझ्या बाबांनी ठोकला होता. आणि खरं सांगू? ते माझ्या एकटीचं नव्हतंच. ते वॉर्डाचं होतं. छातीला वॉर्ड कसा टाचणार, म्हणून मला टाचलं.

मास्तर : सांगा तरी.

आई : काय सांगायचं? लढाईत आमचं हॉस्पिटल हलवायचा हुकूम आला. चालणारे पेशंट चालत गेले, उचलण्यासारखे उचलले. पण ज्यांचे पाय वजनं लावून टांगले होते त्यांना कसं हलवणार? सोडलं तर पाय जायचा, किंवा जीव. आम्ही म्हटलं, आम्ही थांबतो. मोठ्या सिस्टरने एकदाच विचारलं, नक्की? बुटकी म्हणाली, आत्ता कुठे अंग पुसायला घेतलंय, अर्धवट कसं सोडू? तेवढ्यात वरून सुरू झालं. आम्हाला नियम होता, विमानं आली की पलंगाखाली शिरायचं. पण पलंगाखाली जमिनीवर पुढच्या खेपेला न्यायचे पेशंट झोपवलेले. मग कुठे शिरणार? मोरीतली सगळी घमेली, बेसिनं आणली आणि टांगलेल्यांच्या डोक्यांवर उपडी घातली. पत्र्यावर खडे पडल्यासारखा आवाज यायचा. एक पोरगा बेसिनाखालून म्हणाला, सिस्टर, हे बेसिन कशाचं होतं? बुटकी म्हणाली, विचारू नकोस, राजा, डोकं सांभाळ.

मास्तर : बाप रे. हसावं का रडावं!

आई : आम्ही हसलो. दुसरं काय करणार? दुपारी थांबलं तेव्हा छपराचा एक कोपरा नव्हता. मोठी सिस्टर त्या कोपऱ्यात होती. तीही नव्हती.

मुलगी : आई...

आई : म्हणून म्हणते, डावीकडे. तुझ्या बाबांची विधवा मी रोज असते. त्यांचं आडनाव लावते, त्यांची पेन्शन आणते, त्यांचा फोटो पुसते, त्याचं मला काही जड नाही, माणूस चांगला होता. पण वर्षातून एक सकाळ मी सिस्टर असते. तेवढी एक सकाळ तू मला मंडपात बसवू नकोस.

मुलगी : आणि गुडघा?

आई : गुडघा दुखणारच. दुखतोच. पण फलकाची काठी हातात असते ना! टेकत टेकत जाईन. लोकांना वाटेल फलक धरलाय, माझा मला आधार होईल. घरात काठी घे म्हणतेस तर मी घेत नाही. उद्या घेते, बघ.

मुलगी : मावशी म्हणालीय, जमिनीला टेकवायचा नाही.

आई : कापड टेकवायचं नाही. काठीचं ती काही बोलली नाही.

मास्तर : वा! द्या तो कोट इकडे, सिस्टर. द्या.

(मास्तर कोट उतरवून घेतात. कात्रीची किरकोळ किरकिर.)

मास्तर : डावीकडे लावतो. सरळ रेषेत, खिशाच्या वर. आणि उजवीकडची भोकं आतून अस्तराचा दोरा घेऊन बुजवतो, कोणाच्या बापाला दिसायची नाहीत. पैसे एकाच वेळचे.

आई : भोकं राहू द्या म्हटलं ना.

मास्तर : आईमुलीचं भांडण मी कापडावर ठेवत नसतो. दुकानाचं नाव खराब होतं.

मुलगी : मास्तर, तुमचं दुकान उद्या किती वाजता उघडतं?

मास्तर : संचलनाच्या दिवशी उजाडताच. का?

मुलगी : आणखी पदकं लावायची आहेत. माझ्या कोटाला. बाबांची. उजवीकडे.

आई : तू कशाला कोट घालतेस? तू मंडपात बसणार आहेस.

मुलगी : फलकाला काठ्या किती आहेत, आई?

आई : तू नर्स नाहीस.

मुलगी : नाहीच आहे. रक्त बघितलं की मला घेरी येते, तुला माहीत आहे. रांग तुझी. माझ्याकडे फक्त दुसरी काठी. तू मध्येच थांबलीस तर मी थांबेन. बसलीस तर फलक मी एकटी उचलून धरेन, पण गाडीवर चढू देणार नाही.

आई : गेटवर तुला अडवतील. उजवीकडे पदकं बघून मंडपाकडे बोट करतील.

मुलगी : मग तू आहेस ना गेटवर. त्या पोराचं काय करायचं ते तू बघ.

आई : मागच्या वर्षी पदकं डावीकडे होती तरी त्याने मलाच 'आजी, तिकडे' म्हटलं होतं. तेव्हा मी त्याची नाडी बघितली. म्हटलं, वेगाने चाललीय, पाणी पी. गुपचूप सोडलं.

मास्तर : सिस्टर, झालं बघा. घाला. आता बघा आरशात. हं, सरळ उभ्या राहा.

आई : सरळच आहे. एवढीच सरळ होते आता.

मुलगी : छान दिसतेस.

आई : फ्रेमच्या पाठीमागे पुठ्ठ्याला खिळे आहेत. पकडीने काढ, नाहीतर काच फोडशील. आणि तुझ्या बाबांची फीत मळली असेल, ओल्या फडक्याने नको पुसू, रंग जातो.

मुलगी : हो. आई, पण एक आहे. मला कवायत येत नाही. शाळेतही मी चुकायचे. सगळ्यांसमोर तुझ्या पायाशी माझा पाय जुळायचा नाही.

आई : जुळवायचा नाहीच.