कार्डाची मागची बाजू

—नाही हो ताई, तुमचे वकील खोटं नाही बोलले. आहे असा निवाडा. बसा, ती कुबडी द्या इकडे. पुकाऱ्याला वेळ आहे, आत तेरावं प्रकरण चाललंय, तुमचं सतरावं—बोर्ड वाचूनच आलोय मी. रोज वाचतो. निवृत्त होऊन नऊ वर्षं झाली, तरी. बायको म्हणते, माझं एक पत्र कधी इतकं मन लावून वाचलं नाहीत! तर काय—कामावरून काढल्यावर नव्वद दिवसांत अर्ज करायचा, तुम्ही केलात एकशेतिसाव्या दिवशी. का? शाळेच्या प्रयोगशाळेत शिडी निसटली, मांडीचं हाड मोडलं, आणि तुम्ही खाटेवर पडलेल्या असताना शाळेने घरी पत्र धाडलं, उद्यापासून येऊ नका. कुणालाही पटेल. पण समोरचे वकील उठणार आणि म्हणणार, साहेब, उशीर झाला की अर्ज बाद, हा मुद्दा पूर्वीच्या निवाड्यात ठरलाय. झालं. संपलं.

तशी पद्धत वाईट नाही हं. एकाला एक न्याय, दुसऱ्याला दुसरा, असं नको, म्हणून मागचं बघायचं. नाहीतर सकाळचे ताजेतवाने साहेब आणि जेवणानंतरचे पेंगुळलेले साहेब, यांच्यात आपलं नशीब लोंबकळायचं. पण दोन प्रकरणं सारखी म्हणजे किती सारखी? ते कळायला मूळ निवाडा वाचावा लागतो, चौदा पानांचा. वाचतो कोण? कार्ड वाचतात. आणि कार्ड कोण लिहायचं?—हा समोर बसलाय तो! कोर्टाच्या ग्रंथालयातला कारकून, बत्तीस वर्षं. एक निवाडा, एक कार्ड, सहा ओळींत सार. कार्ड उलटून मागे लिहिणं म्हणजे गबाळेपणा, असा माझा बाणा. वकील म्हणायचे, तुमच्यासारखं नेमकं कुणी लिहीत नाही. मी फुगायचो. घरीसुद्धा तेच—मुलीने सहलीला जाऊ का विचारलं, तर मी म्हणालो, तुझ्या दादाला पाठवलं नव्हतं, मुद्दा ठरलेला आहे. बायको आतून ओरडली, अहो, त्याला तेव्हा गोवर आला होता!

हसताय? हसा. मला नाही येत आता हसू. कारण तुमचा तो निवाडा—नव्वद दिवसांवाला—त्याचंही कार्ड माझंच. सहावी ओळ संपली, आणि साहेबांचं एक वाक्य उरलं. काय, तर हा माणूस धडधाकट असून घरी बसला म्हणून अर्ज फेटाळतो, आजारी असता तर वेगळा विचार केला असता. उरलं ते उरलं. कोण मागे लिहिणार?

कधी कळलं? कळलं की. एक अर्धांगवायूचा माणूस होता, त्याला खुर्चीत घालून आणलं होतं. माझंच कार्ड वाचून त्याला परत पाठवलं. त्याच दुपारी मूळ निवाडा काढून वाचला. मग? मग काय, गप्प बसलो. निवृत्तीला दोन वर्षं होती. पुढच्या वेळी वाटलं, आता बोलावं—पण तेव्हा गप्प बसलो होतो ना? मग आजच काय बोलायचं? बघा, स्वतःच्या गप्प बसण्यालासुद्धा जुना दाखला काढला मी! कारकून तो कारकूनच. असे सात जण परत गेले, ताई, माझ्या डोळ्यांदेखत. म्हणून तर बोर्ड वाचतो रोज, आठवं कुणी येतंय का बघायला. सवय वगैरे काही नाही.

नको, असं बघू नका माझ्याकडे. रागवायचं तर उद्या रागवा. आज हे घ्या—हो, कार्डच. पुढे निवाड्याचा क्रमांक, साल, आणि अकराव्या पानावरचं ते वाक्य, अक्षर न् अक्षर. उलटा. उलटा हो, मागेही लिहिलंय! चूक कुणाची, कशी झाली, खाली सही. वकिलांना म्हणा, आधी अकरावं पान वाचून दाखवा, मग हे. आणि साहेबांनी विचारलंच, हा गृहस्थ कुठाय, तर—इथेच आहे, या बाकावर.

ऐका, सतरावं पुकारलं. अहो, लवकर झालं! उठा. कुबडी धरा. आभार कसले मानताय, बाई—जा आत!