कवठी चाफ्याची सोबत

...मंग काय, सकाळी पाहतो तं पुन्हा एक पान गळलेलं. तुमाले सांगतो, छातीत धस्स झालं. आता मी काही भेत नाही, पण झाड कोनाचं आहे ते तं पाहा. सासूबाईचं! अमरावतीच्या अनसूयाबाईचं. सासऱ्यानं अंगनात लावलेला कवठी चाफा, बारा महिने हिरवागार, डोक्याइतका उंच बस, पण संध्याकाळी फूल उमललं की पिकल्या कवठाचा वास गल्लीभर. सासरे गेले, मांगच्या वादळात ते झाडही गेलं. उरलं काय, तं त्याच्या फांदीचं हे एक रोप. ते अकोल्याले आमच्या घरी आनून माह्या हाती दिलं अन् म्हनल्या, "जावईबापू, मले आता बादली उचलत नाही. पन याले एकटं ठेवू नका, बुडाशी सोबतीले काही लावा. एकटं झाड झुरते. आखाजीले पाहाले येते मी."

पाहाले येते! इथूनच माही झोप गेली.

सोबत शोधनं म्हंजे स्थळ पाहनं झालं ना भाऊ. रातरानी लावू म्हटलं, तं शेजारचे जानराव कुंपनावरून म्हनतात, "लावा, लावा. वासाले साप येते. माह्या मेहुन्याकडं कूलरखाली निंगाला होता." आता मी काही भेत नाही, पण त्या दिवसापासून कूलर चालू कराले बायकोले पाठवतो. मोगरा? "त्याचंही तेच." कर्दळ? "डास." निवडुंग? "घरात भांडनं लागतात." आता आमच्या घरात निवडुंगानं नवीन काय करावं, तुमीच सांगा.

शेवटी नर्सरीतून फर्न आनला. गेला. लिली आनली, गेली. पुदिना तं डोळ्यादेखत गेला. सगळ्याईची पानं काठावरून करपली, अन् चाफ्याचीही तशीच करपून राह्यली. अन् पानी? पानी मी भरपूर देऊन राह्यलो होतो, रोज सकाळी कूलरच्या टाकीतलं उरलेलं, थेंब वाया नाही. टाकीले पांढरा थर बसते ना, तोही खरवडून टाकला बुडाशी. म्हटलं, खत असंन.

टिकली कोन, तं घोळ. भाजीची घोळ हो! न लावलेली, न बोलावलेली, बुडाशी पसरून मजेत.

अन् आखाजीले, म्हंजे अक्षय तृतीयेले, सासूबाई आल्या. इंदू, म्हंजे आमची बायको, पुढं, मी दाराआड. आता मी काही भेत नाही, पण मानसाले चप्पल काढाले येळ लागते. सासूबाई झाडापाशी बसल्या, करपलेलं पान चोळलं, मंग उठून कूलरच्या टाकीत बोट बुडवलं अन् जिभेले लावलं.

"बोअरचं खारं पानी?"

"हो."

"दिवसभर आटलेलं?"

"...हो."

"जावईबापू, तुमी झाडाचं लोनचं घालून राह्यले."

इंदू हसली. मले हसू येईना. "जगंन का?" मी इचारलं, अन् खोटं काहून बोलू, आवाज कापून राह्यला होता.

"जगंन. गोडं पानी द्या. घोळ राहू द्या, मातीवर सावली राह्यते." मंग उगाच मातीवरून हात फिरवत बसल्या. "तिकडं अंगनात मी एकटीच बसते आता. झाडबी नाही."

इंदूनं माह्याकडं पाह्यलं. ती नजर तुमच्याही घरी असंनच. मी म्हटलं, "मंग इथंच राहा ना आई. झाडाले सोबत होईन."

राह्यल्या. झाडाले नवी पालवी फुटून राह्यली. कूलर त्याईच्या खोलीत आहे, घोळीचे शेंडे माह्या ताटात आहेत, अन् मी रोज सकाळी प्यायच्या पान्याची बादली घेऊन त्याईच्या खिडकीखाली हजर असतो. नाही, नाही, मी काही भेत नाही... फक्त झाडाले वतायच्या आधी एक घोट पिऊन दाखवा लागते.