म्हशीला सांगितलेलं

गडहिंग्लजला जाणाऱ्या एसटीच्या रांगेत माझ्यापुढं एक म्हातारं जोडपं होतं. दोघं टॉकीजमधून आली होती. पिक्चरच्या आधी लागलेल्या माहितीपटात हीच म्हातारी म्हशीची धार काढताना दिसली होती.

“पडद्यावर किती बोलत हुतीस गं!”

“बोलावं लागतंय की. त्याबिगर म्हस पान्हा सोडत न्हाय.”

“पर अजून म्हायेर आठवतंय, रडू येतंय, ह्ये मला चाळीस वर्सांत सांगितलं न्हाईस.”

“मला तरी कुठं ठाव हुतं? आज माझंच मी ऐकलं, तवा कळलं.”

“म्हशीला सांगतीस, मग मला का न्हाय?”

“म्हस मधीच तोंड घालत न्हाय.”

“बरं. गडहिंग्लज येस्तवर मी गप. सांग.”

“खरंच?”

म्हाताऱ्यानं ओठांवर बोट ठेवलं.

“आवो, हूं तरी म्हणा. म्हसबी कान हलवती की!”