फिल्ममधले पाणी

जबाब देणार : रसायन कारखान्यातील पाइप फिटर, वय ४७ वर्षे, राहणार कारखान्यामागील कामगार वसाहत, खोली क्रमांक १४.

समक्ष हजर राहून सांगतो की, अंगावर रसायन उडाल्यास काय करावे, याची चार मिनिटांची फिल्म आमच्याकडे दर सोमवारी दाखवतात. कपडे उतरवा, सेफ्टी शॉवरची साखळी ओढा, पंधरा मिनिटे पाण्याखाली उभे राहा, अंग चोळू नका. फिल्म आमच्या सुरक्षा अधिकारी साहेबांनी काढली. तिला बक्षीस मिळाले. ती ढाल त्यांच्या केबिनमध्ये असून रोज पुसली जाते.

फिल्ममध्ये अंग धुणारा कामगार म्हणजे माझा मेहुणा, बायकोचा धाकटा भाऊ. त्या दिवशी शॉवरला पाण्याची लाइनच नव्हती. छतावर चढून पिंपातले पाणी मी ओतले. साहेब खालून ओरडत होते, "जरा धो धो येऊ दे की!" लाइन जोडायला अकरा फूट पाइप आणि एक सही हवी होती. पाइप स्टोअरमध्ये पडून होता. सहीसाठी साहेबांना सात महिने सवड झाली नाही. 'शॉवर चालू स्थितीत' ही पाटी मात्र दुसऱ्याच दिवशी लागली. नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा.

काल सकाळी सव्वादहाला पंपाचे सील फुटून कॉस्टिक हे कातडी जाळणारे रसायन मेहुण्याच्या तोंडावर व छातीवर उडाले. दहा पावलांवर हात धुण्याचा नळ होता. नळ सोडून मेहुणा शॉवरकडे पळाला, कारण नळाकडे जाऊ नका, शॉवरच गाठा, असे फिल्ममध्ये तोच सांगतो. कपडे उतरवले, साखळी ओढली. थेंब आला नाही. पुन्हा ओढली. मी पोचलो तेव्हा तो डोळे मिटून तिथेच उभा होता. मी त्याला ओढत नळाखाली नेले. उजवा डोळा गेला. डाव्याबद्दल डॉक्टर उद्या सांगणार आहेत.

साहेबांनी अहवालात लिहिले की, जखमीने फिल्म लक्ष देऊन पाहिलेली नव्हती. धन्य ते साहेब. ज्याला कॅमेऱ्यासमोर तीन वेळा भिजवला, त्यानेच म्हणे फिल्म पाहिली नाही.

आणखी एक सांगायचे आहे. गेल्या महिन्यात मेहुण्याने मला विचारले होते, "दाजी, शॉवरला पाणी जोडलं ना?" मी चहा पीत होतो. म्हणालो, "झालं समज."

हवालदारांनी हे सर्व मला वाचून दाखवले. शेवटचे बोलणे तुमच्याच अंगाशी येईल, गाळू का, असे त्यांनी विचारले. गाळू नये. बाकीचेही मी सांगितले तसेच लिहिले आहे.